दत्ता 'येतो' म्हणाला होता

असल्या गोष्टींवर माझा काडीचा विश्वास नव्हता. मांजर आडवं गेलं तर मी मांजरालाच हाकलणारा माणूस. पण हे माझ्याच कानांच्या बाबतीत घडलंय, म्हणून लिहितोय.

औरंगपुऱ्यात दुसऱ्या मजल्यावर माझं व्हिडिओ एडिटिंगचं ऑफिस आहे. सिल्लोडचा दत्ता आणि मी मिळून लग्नं शूट करायचो. मग हा पठ्ठ्या युद्ध चालू असलेल्या एका शहरात गेला... तिथली साधी माणसं रोज कशी जगतात ते शूट करायला. मी शिव्या घातल्या, तर म्हणाला, "बाँब समदेच दाखवतेत रे. भाजी निवडणारी बाई कोण दाखवतंय?"

क्लिपा यायच्या — पाण्याची रांग, फुटक्या आरशासमोर दाढी करणारा न्हावी, दोरीवर वाळणारे लहान पोराचे मोजे. प्रत्येकीच्या शेवटी त्याचा आवाज : "येतो रे." आपल्याकडे निघताना 'जातो' म्हणत नाहीत ना! एडिट करताना मी तेवढा तुकडा कापायचो.

एका मंगळवारी दुपारी पावाच्या रांगेची क्लिप आली. शेवटी तो म्हणाला, "जातो रे." मी चिडून लगेच फोन लावला.

"जातो काय म्हणतो बे?"

"नाय बा! येतोच म्हणलो. कानातला मळ काढ."

पुन्हा ऐकलं — जातो. माझ्याकडे काम करणाऱ्या वर्षाला हेडफोन दिला. "येतो म्हणतायत की सर." ऑफिसात ज्याला ऐकवलं त्याला 'येतो'च ऐकू आलं.

दुसऱ्या दिवशी त्याच रांगेवर हल्ला झाला. दत्ता ना मेलेल्यांत सापडला, ना जखमींत.

महिन्याभरानं त्याची आई ऑफिसात आली. 'येतो म्हणालेत' असं वर्षानं फोनवर सांगितलं होतं, त्यावरच मावशी दिवस काढत होत्या. त्यांना तो आवाज ऐकायचा होता. मी क्लिप लावून हेडफोन त्यांना दिला.

"काय म्हणला रे शेवटी?"

"येतो म्हणाला, मावशी."

त्यांनी हेडफोन काढून टेबलावर ठेवला. "खोटं नको बोलू. तुलाबी जातोच ऐकू आलं ना?"

मी मान खाली घातली. फार रडू आलं.

नंतर एका साउंडवाल्या मित्राकडून फाइल तपासून घेतली. तो म्हणाला, स्वच्छ 'येतो' आहे. मग आम्हा दोघांनाच दुसरं का ऐकू आलं? मला अजून कळलेलं नाही.

त्या दिवशी मावशी दारात थांबून म्हणाल्या, "जाते बाबा."

हे मात्र वर्षालाही तसंच ऐकू आलं.