मेहुणीचा रिकामा पाट

माझ्या मेहुणीच्या हातून समाज बदलायचा राहिला तो केवळ समाजाला सवड नव्हती म्हणून. तिची तयारी पूर्ण होती. ती जे करते त्याला चुकूनही नाटक म्हणायचं नाही. मी एकदा म्हटलं, तर फणकारली, "भाऊजी, हे सादरीकरण! नाटक तुम्ही करता, भांडी घासायच्या वेळी कंबर दुखण्याचं." स्वयंपाकघरातल्या गुलामगिरीच्या निषेधार्थ तिने अंगभर कुकरच्या शिट्ट्या बांधून बेव्हर्ली पार्कच्या वस्तीतून मूकयात्रा काढली, तेव्हा एका भाभींनी तिला थांबवलं. "दीदी, पाँच लिटरवाली है क्या?" मेहुणीचं मौन. भाभींना वाटलं, ही घासाघीस करत नाही. कमरेवरची एक शिट्टी उपटून, हातात नोट कोंबून त्या चालत्या झाल्या. पुढे 'न दिसणारं काम' दाखवायला ती नवघरच्या आमच्या सोसायटीच्या गेटापाशी दिवसभर भांडी घासत बसली. दुपारपर्यंत पहिल्या मजल्यावरच्या शाहबेन आपली कढई ठेवून गेल्या, "बेन, ये भी साथ में." मेहुणीने तीही लख्ख घासली आणि मला डोळे चमकवत सांगितलं, "याला लोकसहभाग म्हणतात."

इतकी वर्षं इतके प्रयोग झाले, पण तिच्या आईने, म्हणजे माझ्या सासूबाईंनी, त्यातला एकही पाहिला नव्हता. सासरे गेल्यापासून त्या चार माणसांत येतच नसत. संक्रांतीच्या हळदीकुंकवाला तर आतून कडी. "मला काय करायचंय तिथे? मी आपली आत बरी." त्या कडीशीच मेहुणीचं खरं भांडण होतं.

म्हणून एका संक्रांतीला तिने सोसायटीच्या हॉलच्या दारात पाट मांडला, पुढ्यात कुंकवाचा करंडा, शेजारी पाटी: 'जिला कुणी बोलावत नाही तिच्यासाठी'. तशी बाई पाटावर बसेपर्यंत आपण बोलायचं नाही, खायचं नाही, असा तिचा पण. ती बाई कोण, ते सगळ्या घराला ठाऊक होतं. सर्वांत आधी बसल्या सेक्रेटरींच्या सौभाग्यवती! "मला तरी कुठे बोलावलं? नुसता ग्रुपवर मेसेज टाकला." त्यांच्यामागे रांगच लागली. तिन्हीसांजेपर्यंत सगळ्या तिळगूळ खाऊन, वाणाची गाळणी घेऊन हॉलमध्ये गप्पा छाटत बसल्या आणि पाट पुन्हा रिकामा. मेहुणीचे ओठ सुकलेले.

मुर्धा गावाहून मासळी घेऊन येणारी मावशी गेटात थबकली. "सकालधरनं बोलत न्हाय, खात न्हाय. हिचं घरात कोन हाय का न्हाय?" उत्तराची वाट न बघता ती तिसऱ्या मजल्यावर चढली आणि तिने सासूबाईंच्या दाराची कडी वाजवली.

थोड्या वेळाने सासूबाई खाली आल्या. हातात वरणभाताचं ताट. भरल्या हॉलकडे त्यांनी पाहिलंसुद्धा नाही. समोर पाट दिसला, त्यावर बसल्या आणि भात कालवू लागल्या. मेहुणीचा हात करंड्याकडे गेला, तसं त्यांनी दटावलं, "आधी जेव. मग लाव काय लावायचंय ते."

आयुष्यभर समाजाला धारेवर धरणारी माझी मेहुणी शहाण्या मुलीसारखी ताट संपेपर्यंत जेवली. मग तिने आईच्या कपाळाला बोट टेकवलं. हॉलमध्ये गाळणीसुद्धा वाजली नाही. चित्रीकरण करायचं काम माझं होतं, तेवढंच राहिलं.

सासूबाई आता नाहीत. पाट मात्र दर संक्रांतीला मांडला जातो. पाटी गेली. मोकळ्या कपाळाच्या बायका आपणहून येतात, बसतात. आणि आमची मेहुणी करंड्याला हात लावण्याआधी प्रत्येकीला हळूच विचारते, "जेवलात का?"