गाडीचा गुत्ता

सुगंधाबाई बोलली की दोन खाचरं सोडून तिसऱ्या बांधीतली बाई मान वर करते. आवाजच तसा. भाताच्या लावणीत, रोवण्याच्या दिवसांत, वीस-बावीस बायांची टोळी तिच्या मागं असते, आणि धानाची बांधी गुत्त्यानं रोवून घ्यायची तर सिंदेवाहीकडच्या चार-सहा गावांतले शेतकरी आधी तिच्याच दारात येतात. गुत्ता म्हणजे सगळं धरून एकच रक्कम. मग काम एका दिवसात होवो की तीन दिवसांत, घेणाऱ्यानं वर मागायचं नाही, देणाऱ्यानं कापायचं नाही.

रक्कम सांगायच्या आधी ती चपला बांधाच्या धुऱ्यावर काढून बांधीत उतरते. चिखल किती खोल, रोपांचे पऱ्हे किती दुरून आणायचे, पाणी तळ्या-बोडीचं की विहिरीचं, सारं पायानं चाचपून घेते. शेवटी शेतकऱ्याच्या बायकोकडे एकदा पाहते. चहा वेळेवर देणारी आहे की हाका मारायला लावणारी?

"चहा उशिरा आला का बाया धुऱ्यावर बसते. बसल्या का गोष्टी निंगते. गोष्टी निंगल्या का अर्धी बांधी तशीच राह्यते," ती म्हणते, आणि त्या गोष्टींचाही भाव गुत्त्यात धरून मोकळी होते.

नवरा धनराज भला माणूस. भला म्हणजे इतका, की 'नाही' म्हणायची वेळ आली की त्याच्या घशात माशाचा काटा अडकतो. अशा माणसानं तीन वर्षांमागं मार्कंड्याच्या जत्रेला जायला भाड्याची गाडी केली. गाडीवाल्यानं किलोमीटरचा भाव सांगितला, धनराजनं पानठेल्यावर उभ्याउभ्या हिशेब केला आणि घरी येऊन म्हणाला, "एसटीपेक्षा जरासंच जास्त पडते."

आता झाडीपट्टीतली रीत अशी, की नातेवाइकाच्या गावावरून गाडीनं जायचं आणि त्याच्या अंगणात पाय लावायचा नाही, म्हणजे त्याच्या तोंडावर थुंकल्यासारखं. एसटीनं गेलात तर माफ. एसटी काही आपल्या हातात नसते. पण गाडी भाड्याची, म्हणजे आपल्या हातातली. ती न थांबवता नेली तर त्याचं बोलणं वर्षभर पुरतं. पाथरीकडच्या रस्त्यावर धनराजची मावशी होती. तिथं चहा झाला, आणि मावशीची सून "पुढच्या गावापावतर सोडून देजा" म्हणून गाडीत बसली. पुढच्या गावात चुलतबहीण होती, तिथं पोहे झाले. परतताना सुगंधाबाईचं माहेर लागलं. भावानं कोंबडा कापायचं ठरवलं, पण कोंबडा आधी सापडेना. सापडला तो जुनाट निघाला, शिजेना. गाडी बाभळीखाली उभी, आणि तिच्या थांबण्याचे पैसे चढत होते. अंधार पडला तसे ड्रायव्हरनं रात्रीचे वेगळे लावले. वर त्याचं जेवण, वर गाडी रिकामी परत जाणार त्याचं डिझेल. ठरल्याच्या दुप्पट झालं. धनराजनं मुकाट्यानं मोजून दिलं.

सुगंधाबाईनं चार दिवस मावशीला आणि नणंदेला शिव्या दिल्या. पाचव्या दिवशी तिच्या ध्यानात आलं, की सर्वांत जास्त खाल्लं ते आपल्याच माहेरच्या कोंबड्यानं.

"कोंबडा फुकटचा होता," ती टोळीतल्या बायांना सांगायची, "पन त्याची वाट पाह्यनं इकतचं होतं."

तेव्हा गेले ते पैसेच गेले. यंदा पैशाहून मोठं काम होतं. तिची पोरगी दिव्यानी पोलीस भरतीसाठी दोन वर्षं गावाबाहेरच्या डांबरी रस्त्यावर धावत होती. वाघाचा भाग, म्हणून मागून बाप सायकलची घंटी वाजवत यायचा. आता गडचिरोलीच्या मैदानावर धावायची तारीख आली होती. तिच्या तुकडीची हजेरी सकाळी नऊपर्यंत. नऊला गेट लागलं की लागलं. मग बाहेर राहिलेलीचं नाव विचारायलाही कोणी येत नाही. गावातून निघणारी पहिली एसटी अकराशिवाय पोहोचत नव्हती. आदल्या दिवशी जावं, तर मागच्या भरतीत दिव्यानीची मैत्रीण करिश्मा तशीच गेली होती. खोली मिळाली नाही, बसस्टँडच्या फरशीवर निजली आणि सकाळी पोटऱ्या आखडून अर्ध्यातच खाली बसली. भरती हुकली तर दिव्यानीचा मामा एक स्थळ खिशात घालून बसलाच होता, आणि त्या स्थळाचं नाव निघालं की पोरगी ताटावरून उठायची.

"गाडी करू," सुगंधाबाई म्हणाली.

"मी ठरवतो," धनराज म्हणाला.

"तुमी घंटी वाजवा. गाडी मी ठरवतो."

आमच्या इकडे बायाही 'ठरवतो', 'जातो' असंच बोलतात.

सिंदेवाहीच्या शफीकडे पांढरी गाडी आहे. गाडी जुनी, पण टायर नवे, असं त्याच्याबद्दल सांगतात. सुगंधाबाई आठवडी बाजाराच्या दिवशी त्याच्या दारात गेली.

"किलोमीटरले तेरा रुपये, बाई," शफी म्हणाला. "तुमच्यासाठी बारा."

"किलोमीटर मले नको सांगू, शफीभाऊ. गुत्ता सांग."

"गुत्ता? हे का रोवना हाय?"

"रोवन्यापेक्षा बेकार हाय. रोवन्यात चिखल दिसते तरी."

शफीची बायको आबिदा चहा घेऊन आली होती, ती तिथंच उंबऱ्यावर टेकली. "बराबर बोलून राह्यली बाई. यांले डिझेल तेवढं दिसते. बाकीचं सारं मले दिसते, महिन्याच्या आखरीले."

सुगंधाबाई गाडीभोवती फिरली. पायाच्या अंगठ्यानं टायर दाबून पाहिले. मग विचारायला लागली.

"तू इथून आमच्या गावाले रिकामा येशीन. ते कोनाचं?"

"तुमचं. मले का पंख हायेत?"

"धर. पोट्टी मैदानात गेली का कवा निंगन, सांगता येत नाई. ते थांबनं?"

"दोन घंटे फुकट. मंग घंट्याच्या हिशोबानं..."

"घंटे नाई. पुरा दिवस धर."

"धरला."

"तुयं जेवन?"

"ते माह्यं."

"ते आमचं. उपाशी ड्रायव्हर गाडी नाई हाकलत, राग हाकलते. पंक्चर?"

"माह्यं."

"वाघ आडवा बसला तं?"

"बाई, वाघाचे पैसे म्या आजवर कोनापासून घेतले नाई." आबिदा पदर तोंडाला लावून हसली.

"आता रस्ता. मूलवरून धर."

बोटांवर हिशेब करणारा शफी थांबला. "मूलवरून? पाथरीकडून सरळ हाय ना. वीसेक किलोमीटर वाचते. लोकं जवळचा रस्ता मागते, न् तुमी..."

"पाथरीकडं मावससासू हाय, चुलतननंद हाय, माह्यं माहेर हाय. मूलकडं कोन हाय? कोनीच नाई. मूलवरून धर."

शफीनं आबिदाकडे पाहिलं. आबिदानं मान हलवली. तिच्या माहेरच्या वाटेवरही त्याची गाडी कितीदा फुकट उभी राहिली होती, ते दोघांनाच ठाऊक.

त्यानं सांगितलेली रक्कम ऐकून सुगंधाबाईनं चहाचा कप खाली ठेवला. पानठेल्यावरच्या हिशेबाहून ती बरीच जास्त होती. पण मार्कंड्याला खरं जे लागलं, त्याच्याहून कमीच. तिनं दोनशे तोडून घेतले, चहा संपवला आणि "यात सारं आलं," असं आबिदाकडून वदवून घेतलं. शफीच्या कबुलीपेक्षा तिला आबिदाची पक्की वाटली.

ठरल्या दिवशी उजाडता उजाडता गाडी अंगणात आली. आणि गाडीच्या आधी अंगणात रामाजी आलेला होता. धनराजचा चुलता, पांढरं धोतर, खांद्यावर गमछा, आणि पायाशी तांदळाचं पोतं. त्याची लेक पाथरीच्या रस्त्यावर दिलेली.

"गाडी रिकामीच चालली म्हने धनराज," रामाजी म्हणाला. "म्हनलं, पोरीले तांदूळ नेऊन देतो. दोन मिनटं थांबलं का झालं."

सुगंधाबाईनं नवऱ्याकडे पाहिलं. धनराज सायकलची चेन तपासू लागला. सायकल कुठंच जाणार नव्हती.

सासऱ्याच्या जागी असलेल्या माणसाला सून नाही म्हणू शकत नाही. तिनं पदर डोक्यावर ओढला. "बसा ना मामाजी. पन आमी मूलवरून चाललो."

"मूलवरून? काऊन? उलटं होते ते."

"हाव, होते."

"पाथरीकडून जा ना. रस्ता मस्त झाला आता."

"शफीभाऊचं काम हाय मूलले."

शफी आरसा पुसत होता. त्यानं मान वर न करता म्हटलं, "हाव काका. लय जरूरी काम हाय."

रामाजीनं पोतं उचललं. "गडचिरोलीले मूलवरून! धनराज, बायकोले जरा अक्कल सांगत जा गा," असं बोलत तो अंगणाबाहेर गेला. धनराजनं मान हलवली. कोणाच्या बाजूनं हलवली, ते त्याचं त्यालाच माहीत.

सुगंधाबाई स्वतः पुढं बसली. धनराजला मागं बसवून त्याची काच वर करायला लावली. रस्त्यात हात दाखवणारा दिसला की तो "थांबव गा" म्हणाल्याशिवाय राहणार नव्हता. दिव्यानी त्याच्या बाजूला, पायात बूट, मांडीवर पाण्याची बाटली. गाडी मूलच्या रस्त्याला लागली. गावं येत होती आणि जात होती. एका अंगणातही ओळखीचं माणूस नव्हतं. सुगंधाबाईनं कंबरेची तंबाखू-सुपारीच्या खर्ऱ्याची पन्नी काढली, चिमूटभर तोंडात टाकली आणि टोळीतल्या बायांना हे कसं सांगायचं, ते जुळवायला लागली.

मग रेल्वेचं फाटक लागलं.

फाटक बंद होतं. कोळशाची मालगाडी आली, डबे मोजता मोजता धनराज कंटाळला, आणि अर्धी गेल्यावर मालगाडी थांबली. नुसती थांबली. इंजिन दिसत नव्हतं, शेवटचा डबा दिसत नव्हता. मधे काळे डबे, आणि त्यांच्यापुढं यांची गाडी.

शफीनं इंजिन बंद केलं. मागं ट्रक लागला, त्याच्यामागं मोटारसायकली. दिव्यानी वाकून बुटाची नाडी सोडायची, पुन्हा बांधायची. खर्रा तोंडात कडू लागायला लागला. तिनं मावशी धरली होती, नणंद धरली होती, वाघसुद्धा धरला होता. मालगाडी धरली नव्हती. वीस किलोमीटर लांबून जायचं डोकं आपलं, आणि धावायचं राहून जाईल ते पोरीचं, हे तिला तिथं बसल्याबसल्या टोचायला लागलं.

"पाथरीकडून गेलो असतो तं..." धनराज मागून हळूच म्हणाला.

"तं मावशीकडं बसून चहा पेत असतो आता. दुसरा कप."

दिव्यानीला हसू फुटलं. बाटलीतलं पाणी सांडलं इतकी हसली. "बाबा, न् तुमी मावशीच्या सुनेले गाडीत बसवत असता."

"थे बिचारी कवा म्हनते? एखाद्या वेळी..." धनराज म्हणाला, आणि मग तोही हसला.

तेवढ्यात डब्यांना धक्का बसला, लोखंड लोखंडावर आपटत आवाज पुढून मागं गेला, आणि मालगाडी हलली. आधी बैलगाडीच्या चालीनं, मग जरा बरी. फाटक वर गेलं तेव्हा शफीनं गाडी कधी चालू करून ठेवली होती, ते कोणाला कळलंच नाही. त्यानंतर गडचिरोलीपर्यंत त्यानं गाडी दामटली. वैनगंगेचा पूल आला तेव्हा सुगंधाबाईनं नदीला हात जोडले. एरवी ती जोडत नाही.

मैदानापुढं मुलींची रांग अजून आत सरकत होती. एक हवालदार गेटची एक फळी धरून उभा होता आणि ओरडत होता, "चला, चला, लावून राह्यलो!" गाडी पुरती थांबायच्या आत दिव्यानीनं दार उघडलं आणि पळाली. त्या दिवसाची तिची पहिली धाव तीच. ती आत गेली. तिच्यामागं आणखी तिघी शिरल्या. मग फळी लागली.

सुगंधाबाई गाडीतून उतरली. दार धरून उभी राहिली. खर्रा थुंकला, चूळ भरली. शफी गाडीला टेकून कपाळ पुसत होता.

"शफीभाऊ, लय हाकलली गा."

"गुत्ता होता बाई," तो म्हणाला. "किलोमीटरचा असता तं आरामात आलो असतो."

रस्त्याच्या कडेला झाडाखाली त्यांनी चटई टाकली. बाकीच्या मुलींचेही मायबाप तसेच पसरले होते. कोणी सिरोंच्याकडचे, आपसात तेलुगू बोलणारे, कोणी भामरागडचे. भिंतीपलीकडून शिटी ऐकू यायची, आरडाओरड व्हायची, पुन्हा शांत. प्रत्येक शिटीला धनराज उभा राहायचा. भिंत त्याच्याहून उंच होती, तरी उभा राहायचा.

ऊन डोक्यावरून कलल्यावर दिव्यानी बाहेर आली. कपडे धुळीनं भरलेले, गुडघा खरचटलेला.

"पडली का?" सुगंधाबाईनं विचारलं.

"पोचल्यावर पडली. आठशे मीटरले तिसरी आली. गोळा जरा कमी पडला." तिनं दम घेतला. "पन मैदान निंगलं, आई. पासापुरते गुन पाह्यले म्या."

"बाकी?"

"लेखी राह्यली. थे आता माह्या हाती हाय."

धनराज रडायला लागला. सुगंधाबाईनं त्याला गमछा दिला आणि डबा उघडला. पोळ्या, वांग्याची भाजी, मिरचीचा ठेचा. शफीला हाक मारली, त्याच्या पानात आधी वाढलं. शफीनं खाताखाता आबिदाला फोन लावून "हो गया, लडकी का हो गया" एवढंच सांगितलं.

सगळ्यांना वाढून झाल्यावर सुगंधाबाई म्हणाली, "मी जरा पाठ टेकतो." आणि टेकली. पाठ चटईला लागली न लागली, तोच ती घोरायला लागली. तोच आवाज, तिसऱ्या बांधीत जाणारा. बाजूच्या चटईवरचे तेलुगू बोलणारे वळून पाहायला लागले.

"बाबा, आईले हालवा ना. लोकं पाहून राह्यले," दिव्यानी म्हणाली.

"पाहू दे," धनराज म्हणाला. "नाई हालवत."

आयुष्यात त्यानं सरळ तोंडावर दिलेला तो पहिला नकार असावा. दिव्यानीनं त्याच्याकडे पाहिलं, डबा आपल्या पुढ्यात ओढला, उरलेल्या पोळ्या भाजीसकट संपवल्या आणि ठेच्यानं माखलेली बोटं आईच्या पदराला पुसली.