तितं गेल्यावर सांगतो

गेल्या वर्षी एका बुधवारी सकाळी सुनंदाने दूध तापत ठेवलं. दुपारी ती नव्हती. गॅस शेजारणीने बंद केला.

आपल्या तोंडून निघणाऱ्या प्रत्येक वाक्याची जमिनीवर एक जागा ठरलेली असते आणि त्या जागेवर पाय रोवल्याशिवाय ते वाक्य उच्चारणं हा गुन्हा आहे, असं मानणारा माणूस पृथ्वीच्या पाठीवर एकच असावा. तो कुरवंड्यात राहतो आणि तो माझ्या पत्नीचा वाटाड्या होता. सुनंदा प्राथमिक शाळेतून निवृत्त झाली आणि दर महिन्याच्या दुसऱ्या रविवारी डोंगरावर जाऊ लागली. दहा-बारा जणांचा घोळका लोणावळ्याला जमायचा आणि हा गृहस्थ त्यांना दिवसभर मावळातून फिरवून संध्याकाळी परत आणून सोडायचा. ती त्यांना भाऊ म्हणायची, म्हणून मीही भाऊच म्हणतो. मी कॉलेजच्या ग्रंथालयात नोकरी केली. डोंगर मी भरपूर वाचले होते. ती दर वेळी स्वयंपाकघरातून विचारायची, "येता का रविवारी?" आणि मी पुस्तकातून म्हणायचो, "पुढच्या वेळी." संध्याकाळी ती लाल मातीचे बूट घेऊन यायची आणि काहीतरी सांगायची. मी "हं" म्हणायचो. तिने काय सांगितलं, त्यातलं आज मला काहीही आठवत नाही.

भाऊंचं वय साठीचं, अंग काटकुळं, डोक्याला उन्हाळा-हिवाळा एकच मफलर. त्यांना काहीही विचारा, उत्तर एकच: "तितं गेल्यावर सांगतो." पुण्याची पोरं हटकून विचारतात, "काका, व्ह्यू पॉइंट अजून किती लांब?" भाऊ चालत राहतात. तासाभराने एका कड्यापाशी थांबतात, मागे वळतात आणि त्या पोराला शोधून म्हणतात, "आलं. एवढंच लांब व्हतं." एकदा जेवायला बसल्यावर त्यांना आठवलं की खालच्या टाक्याचं पाणी पिऊ नका हे सांगायचं राहिलं. सगळ्यांनी तिथून बाटल्या भरून घेतल्या होत्या. भाऊंनी घास खाली ठेवला, बाटल्या ओतायला लावल्या, कारण विचारलं तर मान हलवली, आणि उतरताना त्या टाक्यापाशी सगळ्यांना उभं करून म्हणाले, "हितं म्हैस पडली व्हती." लग्नाचं आमंत्रण ते मांडवाच्या जागी नेऊन देतात, असं त्यांच्या बायकोने मला सांगितलं. ते खरं असावं, कारण सांगताना ती कपाळावर हात मारत होती.

या हट्टाचं मूळ त्यांच्या वडिलांत आहे. ही हकीकत त्यांनी मला कुरवंड्यातल्या मारुतीच्या ओट्यावर सांगितली. दुसरीकडे सांगता आलीच नसती. "आमचा बाप हितं बसून वाघ मारायचा," ते म्हणाले. "रोज संध्याकाळी. पयल्यांदा वाघ कुत्र्याएवढा व्हता. मी शाळंत जाईस्तवर बैलाएवढा झाला. म्या म्हणलं, आबा, जागा दावा. तर म्हणायचे, उद्या. मरेस्तवर उद्याच." मग त्यांनी ओट्यावर हात फिरवला. "घरी बसून सांगितलं की गोष्ट फुगती. जाग्यावर सांगितलं की डोंगर आयकत असतो. खोटं बोलायची लाज वाटती."

सुनंदा गेल्यावर मला स्वयंपाकघरातलं कॅलेंडर सापडलं, म्हणजे ते तिथेच होतं, मी तेव्हा पहिल्यांदा पाहिलं. दुधाच्या नोंदींमध्ये चार महिन्यांचे चार रविवार होते. बेडसे: गार. विसापूर: चुकलो. तुंग: हसले. नागफणी: ठरलं. पाचव्या महिन्याच्या रविवारी नुसता दोनाचा आकडा होता. तो मला दुधाच्या पिशव्यांचा वाटला. 'ठरलं' या शब्दापाशी मात्र मी अडकलो. पस्तीस वर्षांच्या संसारात आमच्या घरात जे काही ठरलं ते मला निदान नंतर तरी कळलं होतं. हे एकच कळायचं राहिलं होतं. मी भाऊंना फोन लावला आणि माझी ओळख सांगून विचारलं, नागफणीवर तिचं काय ठरलं होतं?

फोनमध्ये वारा ऐकू येत होता. मग भाऊ म्हणाले, "सर, बाई फोनवर बोलल्या न्हाईत. तितं गेल्यावर सांगतो."

"मग या रविवारी नागफणीला जाऊ."

"न्हाई. बाई जशा गेल्या तसं. आदी बेडसं."

मला ग्रंथालयाचा दुसरा मजला चढताना धाप लागायची. तरी मी बूट घेतले.

बेडशाच्या पायऱ्या मी चढलो, त्याला चढणं म्हणायचं असेल तर. दर वीस पायऱ्यांवर मी निसर्ग पाहण्यासाठी थांबत होतो. भाऊ दर वेळी शेजारी उभे राहून, काय एवढं बघण्यासारखं आहे म्हणून मनापासून शोधत होते. वर लेण्याच्या ओसरीत त्यांनी मला एका खांबापाशी बसवलं. "पाठ टेका. आजून मागं. हां. हितं बाई बसल्या अन् म्हणल्या, किती गार आहे हो. आमच्या घरात पुस्तकांनी वारा अडवलाय." एवढं बोलून ते घोळक्याकडे निघून गेले. दगडाचा गारवा शर्टातून आत येत होता. मी तिथे तासभर बसलो. सोबत पुस्तक आणलं होतं, ते पिशवीतच राहिलं.

विसापूरची गोष्ट भाऊंना सांगायला जड गेली, कारण त्या रविवारी वाट ते स्वतः चुकले होते. झाडीत अर्धा तास फिरल्यावर घोळक्याने विचारलं, "भाऊ, आपण चुकलो का?" भाऊ गप्प. 'चुकलो' हा शब्द जिथे वाट चुकली तिथेच बोलणं भाग होतं, आणि ती जागाच सापडत नव्हती. ते बिचारे कबुलीजबाब पोटात घेऊन झाडीत गोल गोल फिरत होते आणि मागे बारा माणसं. शेवटी सुनंदाने एका करवंदीच्या जाळीला अडकलेला आपल्याच ओढणीचा धागा ओळखला. भाऊ तिथे गेले, पाय जुळवून उभे राहिले आणि म्हणाले, "हितं मी चुकलो." सुनंदाने टाळ्या वाजवल्या. भाऊंनी ती जाळी मला दाखवली. धागा अजून होता. मी तो काढला नाही.

तुंगच्या माथ्यावर त्यांनी मला माझीच गोष्ट ऐकवली. खाली पवनेचं पाणी चकाकत होतं आणि भाऊ मफलर सावरत, चेहऱ्याची रेषही न हलवता सांगत होते: "बाई म्हणल्या, आमचे हे मला बघायला आले अन् कपाटातली पुस्तकं बघत बसले. म्या चहा दिला, पोहे दिले, मान वर न्हाई. मग मी कपाटाच्या म्होरं जाऊन हुबी राहिले. म्हणलं, आता बघतील. तर म्हणाले, जरा बाजूला होता का?" घोळका हसला. भाऊ माझ्याकडे वळले. "खरं व्हय, सर?"

"खरं," मी म्हणालो. मला ते साफ आठवत होतं. ती बाजूला झाली नव्हती, हेही आठवत होतं.

नागफणीच्या रविवारी मी घोळक्यात सर्वांच्या पुढे होतो. कुरवंड्याहून निघाल्यावर वाटेत एका उभ्या कापलेल्या दरडीपाशी भाऊ थांबतात. काळ्या कातळाच्या दोन थरांच्या मधे तिथे विटेच्या रंगाचा पट्टा आहे. त्याला प्रत्येकाने हात लावेपर्यंत ते बोलत नाहीत. "ह्यो डोंगर एका दमात न्हाई झाला," ते म्हणाले. "धरणीनं पोटातलं रटरटतं भायेर वतलं. ते निवलं. मग लय वर्सं काय न्हाई. वर माती धरली, गवत आलं. पुन्यांदा वतलं. खालची माती भाजून लाल झाली. असं धिरड्यावर धिरडं."

चष्मा लावलेल्या एका मुलीने विचारलं, "काका, तुम्ही होता का तेव्हा?"

"मी न्हवतो. पर माती हितंच व्हती. तिला इचारा."

हे सगळं मी पुस्तकात वाचलं होतं. मला थरांची जाडी ठाऊक होती. हात मात्र पहिल्यांदाच लावला. बोट लाल झालं. हीच माती सुनंदाच्या बुटांना असायची आणि मी ती झाडून काढायला सांगायचो.

शेवटच्या कातळाला लोखंडी कठडा आहे. मी तो दोन्ही हातांनी धरला. भाऊ माझ्या मागून चढले. वर वारा होता, खाली घाटातून एक मालगाडी गोगलगायीसारखी निघाली होती. भाऊंनी मला दोन पावलं डावीकडे सरकवलं, जरा मागे घेतलं, मग पुन्हा थोडं पुढे केलं.

"हितं. बाई हितं कठड्याला धरून हुब्या व्हत्या. म्हणल्या, भाऊ, ठरलं. आता मी ह्यांना इचारणारच न्हाई. इचारलं की हे पुढच्या वेळी म्हणत्यात. तुमी यादीत दोघांची नावं टाका. मी सकाळी ह्यांना दूध आणायला म्हणून भायेर काढते अन् थेट गाडीत बसवते. म्या इचारलं, अन् सरांनी गाडीतबी पुस्तक काढलं तर? तर म्हणल्या, चष्मा घरी ठेवणार." भाऊ थांबले. "नावं टाकली व्हती मी, सर. दोनी."

म्हणजे तो आकडा दुधाचा नव्हता. मी चष्मा काढून खिशात ठेवला आणि काहीही न वाचता बराच वेळ त्या धूसर दरीकडे बघत राहिलो. मग मला हसू आलं. चष्म्याशिवाय, पिशवी हातात घेऊन, सकाळी सहाला तिच्या शेजारी गाडीत बसलेला मी मला स्वच्छ दिसलो.

"झालं," भाऊ म्हणाले. "आता माज्याकडं काय न्हाई."

आम्ही उतरू लागलो. आता पुढच्या महिन्यात यायचं कशासाठी, हे मला कळत नव्हतं. भाऊंनाही कळत नसावं, कारण ते मुद्दाम हळू चालत होते. कुरवंड्यात पोचल्यावर ते मफलर सोडून पुन्हा बांधत म्हणाले, "सर, एक इचारू? डोंगरावर बाई घटकाभर गप बसत न्हवत्या. घरी कशा व्हत्या वो?"



"भाऊ," मी म्हणालो, "ते घरी आल्यावर सांगतो."

ते माझ्याकडे बघत राहिले. आधी त्यांना राग आला, हे मला दिसलं. मग ते मारुतीच्या ओट्यावर बसले आणि पोट धरून हसले.

पुढच्याच रविवारी ते तळेगावला आमच्या घरी आले. इस्त्रीचा शर्ट, मफलर, पिशवीत घरचा इंद्रायणी तांदूळ. खुर्चीवर बसायला तयार नव्हते. "आदी जागा दावा." मी त्यांना स्वयंपाकघरात ओट्यापाशी उभं केलं. जरा उजवीकडे सरकवलं. "इथं ती दूध तापवायची," मी म्हणालो, "आणि इथूनच विचारायची, येता का रविवारी?"

"अन् तुमी कुटं?"

मी बाहेरच्या खोलीतली खुर्ची दाखवली. भाऊंनी ओट्यापासून खुर्चीपर्यंत पावलं टाकली. सात भरली. ते तिथे थांबले, मागे वळले, मला शोधलं आणि सवयीने, हळूच म्हणाले, "आलं. एवढंच लांब व्हतं."

आता दुसऱ्या रविवारी मी कुरवंड्याला जातो आणि तिसऱ्या रविवारी भाऊ तळेगावला येतात. स्वयंपाकघर सांगून झालं आहे. गच्ची राहिली आहे.