हद्दीपलीकडचा मामा

विद्यापीठाचे प्रवेशाचे नियम कोण लिहितं ते मला ठाऊक नाही, पण त्याला मामा नसावा, एवढं नक्की. असता, तर बहिणीची लेकरं मामाच्या घरी राहून शिकतात हे त्याला कुणी सांगावं लागलं नसतं. नगर जिल्ह्यातल्या आमच्या मिरजगावात तेव्हा सायन्सचं कॉलेज नव्हतं आणि मुलीला होस्टेलात ठेवायला आई तयार नव्हती. मामा बीडला होता, तिथे कॉलेज होतं. माझा मॅट्रिकचा निकाल लागला त्याच आठवड्यात तो न बोलावता आला आणि माझी ट्रंक उचलून मला घेऊन गेला. मधे जिल्ह्याची आणि विद्यापीठाचीही हद्द लागते, हे कुणाच्या गावीही नव्हतं.

दोन वर्षांनी कॉलेजच्या परीक्षेत मार्क असे पडले की मेडिकलची जागा मिळाल्यातच जमा होती. मला डॉक्टरच व्हायचं होतं, दुसरं काही मनात आलंच नव्हतं. बहात्तरच्या दुष्काळाच्या आदल्या वर्षीची ही गोष्ट. वडील प्राथमिक शाळेत गुरुजी. ते मला घेऊन आमच्या भागाच्या विद्यापीठात गेले. कारकुनाने अर्ज उलटापालटा केला आणि म्हणाला, "गुरुजी, मुलगी तुमची असेल, विद्यापीठाची नाही." आधीची दोन वर्षं याच विद्यापीठाच्या कॉलेजात काढलेली हवीत, असा नियम होता. मग पलीकडच्या विद्यापीठात गेलो. तिथे वडिलांचा रहिवास त्यांच्या हद्दीत हवा होता. दोन्ही कारकुनांच्या तोंडात पान होतं. डोक्यात काय होतं, देव जाणे.

वडिलांचा एक जुना विद्यार्थी मुंबईत वकील होता. त्याने आमच्या विद्यापीठाविरुद्ध हायकोर्टात रिट अर्ज केला. शिक्षणाचा दर्जा राखण्यासाठी हा नियम आहे, असं विद्यापीठाने शपथेवर सांगितलं. दर्जा म्हणे! बेडूक मीही तसाच फाडला होता. हद्द ओलांडल्याने विद्यार्थ्याचं डोकं कसं कमी होतं, असं न्यायमूर्तींनी विचारलं, तेव्हा विद्यापीठाच्या वकिलाने तोच नियम पुन्हा वाचून दाखवला. ते पाहताना मला फार बरं वाटलं.

दिवाळीनंतर निकाल लागला. नियम रद्द. पण यंदाच्या जागा भरून गेल्या होत्या, बसलेल्या मुलांना उठवता येणार नव्हतं. मी पुढच्या वर्षी अर्ज करावा, असं कोर्टाने म्हटलं. मामाने त्याच्या गल्लीत पेढे वाटले.

पुढच्या जूनमध्ये त्याच कारकुनाने नव्या नियमांचा छापील कागद हातात ठेवला. परीक्षा त्याच वर्षी पास झालेली हवी, मधे खंड पडलेले अपात्र. खंड काय मी हौसेने पाडला होता? ज्यांनी माझं वर्ष कोर्टात घालवलं, त्यांनीच आता ते खंड म्हणून मोजलं. निलाजरेपणाला डिग्री देत असते, तर ही माणसं पहिली आली असती. वकिलाने कळवलं, हाही नियम टिकायचा नाही. नसताच टिकला. पण तोवर आणखी एक वर्ष गेलं असतं. नव्या रिट अर्जावर वडिलांनी सही केली नाही. मी दोन दिवस त्यांच्याशी भांडले, रडले आणि बी.एस्सी.ला नाव घातलं.

धाकटी बहीण त्याच वर्षी मॅट्रिक झाली. आईने तिची ट्रंक भरून ठेवली, पण मामा आला नाही. शेवटी निरोप धाडला तेव्हा आला आणि ओट्यावरच बसला.

"आक्का, हिला नगरच्या होस्टेलात घाल. माज्याकडं नगं."

"आरं, भाची हाय ना तुजी?"

"व्हय, म्हनूनच. थोरलीचं माज्या घरात ऱ्हाऊनच वाटुळं झालं. आता हिचं न्हाई करायचं."

मी म्हणाले, "मामा, तो नियम कोर्टाने कधीच काढून टाकला." तो उठला. पाणी प्यायला आणि दुपारच्या गाडीने निघून गेला. कोर्टाने रद्द केलेला नियम त्याने पुढे मरेपर्यंत पाळला. आमच्या घरातलं एकही लेकरू पुन्हा त्याच्याकडे शिकायला राहिलं नाही.