आईनं पाणी घातलेलं अडेनियम

मैत्रिणींनो, मायेनं घातलेल्या पाण्यानंच झाड मेलं, हे आईला कसं सांगणार?

बी.एस्सी. झाल्यावर कॉलेजच्या बाईंनी मला अडेनियम दिलं होतं, फुगीर खोडाचं वाळवंटी झाड. पंधरा दिवस पूर्णेला मावशीकडे राहून आज परतले. खोड दाबलं तर बोट आत गेलं.

आई म्हणाली, "तुळशीच्या आधी रोज त्यालाच पानी घातलं, बाई. तुझ्या पदवीचं झाड हाय ना!"

'खोडात पाणी साठलेलं असतं, माती पूर्ण सुकल्याशिवाय घालू नये,' असा कागद मी कुंडीला चिकटवून गेले होते. आईला वाचता येत नाही, हे घरातली पहिली पदवीधर विसरली.

सडका भाग कापत गेले, चांगलं काहीच उरलं नाही.

आईला "उन्हानं गेलं" म्हणून सांगितलं आणि तो कागद चुलीत घातला.