हळद लावण्याआधी

वडूजहून साताऱ्याला जाणाऱ्या एसटीत त्या बाई माझ्या शेजारी होत्या. पदर सारखा गळ्याशी ओढून घेत होत्या. लेकीच्या खुनाच्या खटल्यासाठी कोर्टात निघाल्या होत्या. सासरचे म्हणत होते, ती न्हाणीत पाय घसरून पडली. भावकीतल्या बाया तिला आंघोळ घालून हळद लावायला जमल्या, तेव्हा या बाईंना तिच्या गळ्यावर बोटांचे वळ दिसले.

"पोलीस येस्तवर कुनाला हात लावू दिला न्हाई," त्या म्हणाल्या. "सवाष्णीला तशीच ठेवली म्हनून लोकं लय बोलली. आज डाक्टर सांगनार हायती, गळा दाबलाय म्हनून."

मी आपलं म्हटलं, "बरं केलंत."

त्यांनी पदर पुन्हा गळ्याशी ओढून घेतला.

"पोस्टमार्टेम झाल्यावर बांधूनच दिली. लहानपनी रोज मीच न्हाऊ घालायची तिला. शेवटची आंघोळ तेवढी ऱ्हायली."