जहाजाची किल्ली

पुस्तकबांधणी करणाऱ्या छकुलीने पन्नाशी ओलांडली होती, पण या लाडक्या नावाने तिला अजून एकटा दादाच हाक मारायचा. आईने कुणाकडे राहायचं यावरून दोघांचं बिनसलं; आई दादाकडे राहिली आणि दोघांनी दोन वर्षं अबोला धरला. लहानपणी हातात धरून खेळायच्या एकाच व्हिडिओ गेमसाठी हीच दोघं झोंबायची.

तो गेम आता नव्याने आला होता. त्यातल्या किल्ल्या, खजिने गेम दरवेळी वेगळ्याच जागी लपवायचा, आणि ती मांडणी एका चौकोनी कोडमध्ये मावायची. कोड स्कॅन करणाऱ्याला हुबेहूब तीच मांडणी मिळायची. छकुलीने एका दुपारी असा कोड दादाला पाठवला. सोबत अक्षरही लिहिलं नाही.

चौथ्या दिवशी ती पुठ्ठ्याला खळ लावत असताना फोन वाजला.

"छकुले, जहाजाची किल्ली कुठे दडवलीस गं? डोकं खाजवून टक्कल पडायची वेळ आली!"

"मी नाही रे, गेमनेच दडवलीय. मला तरी कुठे सापडलीय!"

"मग रविवारी ये. आईजवळ बसून शोधू."

"येते," ती म्हणाली. फोन ठेवेपर्यंत ब्रशवरची खळ सुकून गेली होती. तिने हसतच नवी कालवायला घेतली.